बिनपरवान्याचं हरीण

माझी बायको आर्डिथ ऑगस्टमध्ये गेली. बंदुकीनं हरणं मारायचा हंगाम दर वर्षीप्रमाणे नोव्हेंबरातल्या थँक्सगिव्हिंगच्या सणानंतरच्या सोमवारी सुरू झाला. मधले तीन महिने मी काय केलं असं कुणी विचारलं तर मला सांगता येणार नाही. कॉफी करायचो. दोन कपांची व्हायची. एक टाकून द्यायचो.

सोमवारी मात्र उजाडायच्या आत उठलो. नारिंगी जाकीट चढवलं, बंदूक घेतली आणि वरच्या रानात नेहमीच्या ओकला टेकून बसलो. माझा मेहुणा वेंडेल, म्हणजे आर्डिथचा थोरला भाऊ, खाली ओढ्याच्या अंगाला, आमच्याच हद्दीत बसला होता. आठ वाजून गेले असतील. आठ टोकांच्या शिंगांचा एक नर चाळीस पावलांवर येऊन उभा राहिला. एका गोळीत पडला. मी जवळ गेलो, खात्री केली, आणि तिथेच खाली बसलो. घरी जाऊन कुणाला सांगायचं हा विचार तेव्हा पहिल्यांदा आला.

मग चिठ्ठी लिहिली. आमच्या ओहायोत स्वतःच्या जमिनीवर शिकार करणाऱ्याला लायसन लागत नाही. जमिनीचा मालक, त्याची बायको किंवा तिचा नवरा, आणि त्यांची मुलं. एवढ्यांना माफ. बाकी सगळ्यांना लागतं. लायसनवाल्यांना छापील चिठ्ठी मिळते, आम्ही आपली आपण लिहितो. मी खोक्याचा पुठ्ठा कापून खिशात ठेवलेला असतो. त्यावर नाव, तारीख, वेळ, काउंटी म्हणजे जिल्हा लिहायचा आणि हरणाच्या शिंगाला बांधायची. घरी येऊन फोन लावायचा. फोनवर यंत्र बोलतं. मालक असाल तर एक दाबा म्हणतं. एक दाबला की लांबलचक आकडा सांगतं, तो चिठ्ठीवर लिहिला की झालं.

अडतीस वर्षं मी स्वतःला मालकांत धरत आलो, फोनवर यंत्र आल्यापासून एक दाबत आलो. त्या सोमवारीही दाबला. जमीन आर्डिथची, तिच्या वडिलांकडून आलेली. पंच्याऐंशी एकर, त्यात घर. मी तिचा नवरा. यात विचार करण्यासारखं काही नव्हतं.

गोळीचा आवाज ऐकून वेंडेल वर आला. सत्तरी उलटलेला माणूस, उजवा गुडघा कामातून गेलेला. आम्ही दोघांनी हरीण प्लॅस्टिकच्या घसरगाडीवर घातलं आणि ओढायला लागलो.

"तू हरणं नेहमी वरच का मारतोस रे?" तो धापा टाकत म्हणाला. "खाली मारत जा की. रस्त्याजवळ."

"खाली येत नाहीत. तिथं तू बसतोस. वास जातो त्यांना."

"वास तुझ्या मोज्यांचा. आर्डिथ हजारदा म्हणाली असेल."

दोघंही थोडं हसलो. कुंपणापाशी तो दम खायला थांबला. माझ्याकडे न बघता म्हणाला, "डेल, जमिनीच्या कागदांचं काही केलंस का?"

"कसले कागद?"

"कसले म्हणजे? कोर्टहाउसातले. तिचं नाव आहे त्यावर. पुढं काय करायचं ते..."

"जमीन जिथं आहे तिथंच आहे. ती कुठं जात नाही."

"तसं नव्हे रे. एकदा जाऊन बघायला हवंस."

"तुला कसली घाई झालीय?"

तो दोरी खांद्यावर घेऊन ओढायला लागला. धान्याच्या कोठाराच्या तुळईला आम्ही हरीण टांगलं. थंडी चांगली होती, चारपाच दिवस सहज टिकलं असतं. वेंडेल कॉफीसाठी आत येईल असं वाटलं होतं, पण तो गेला.

मंगळवारी सकाळी पाव संपला म्हणून मी पेट्रोलपंपावरच्या दुकानात निघालो होतो. पंपाच्या कडेला वेंडेलचा जुना हिरवा ट्रक उभा होता आणि त्याला लागून शिकारीवर लक्ष ठेवणाऱ्या सरकारी वॉर्डनबाईंची गाडी. दोन्ही गाड्यांची तोंडं उलट दिशांना, खिडक्या समोरासमोर. दोघं बोलत होते. वेंडेलनं हात बाहेर काढून टेकडीकडे दाखवलं. आमच्या टेकडीकडे. मी हॉर्न वाजवला नाही. का वाजवला नाही ते माहीत नाही. पाव न घेताच पुढे गेलो आणि लांबच्या रस्त्यानं घरी आलो.

अकराच्या सुमाराला वॉर्डनबाईंची गाडी माझ्या अंगणात आली. प्रूइट नाव त्यांचं. दोन वर्षांपूर्वी बदलून आल्या. पस्तिशीच्या, बोलायला मऊ.

"मिस्टर हॅचर, मिसेस हॅचर गेल्याचं पेपरात वाचलं. फार वाईट वाटलं."

मी मान हलवली.

"हरीण बघू का?"

मी त्यांना कोठारात नेलं. त्यांनी माझी चिठ्ठी वाचली, शिंगांवरून हात फिरवला.

"छान आहे. लायसन आहे तुमच्याकडे?"

"लागत नाही. जमीन आमची आहे."

"आमची म्हणजे कुणाच्या नावावर?"

"बायकोच्या. तिच्या वडिलांकडून आलीय."

"आणि आता?"

"आता माझी. दुसऱ्या कुणाची असणार?"

त्यांनी टोपी काढून काखेत धरली. "काउंटीच्या कागदावर अजून त्यांचंच नाव आहे. मी सकाळी पाहिलं. मालकाच्या नवऱ्याला लायसन माफ, हे बरोबर. पण मालकच हयात नसतील तर तुम्ही कुणाचे नवरे म्हणून शिकार केलीत, असं मला वरचे लोक विचारणार. मी काय सांगू त्यांना?"

त्या बाईंच्या मनात वाईट काही नव्हतं, ते मला तेव्हाही कळत होतं. पण तो प्रश्न मला लागला. मी कुणाचा नवरा? मी हरणाकडे बघत राहिलो.

"मृत्युपत्र केलं होतं त्यांनी?" बाईंनी विचारलं.

"माहीत नाही."

"जमीन कुणाच्या नावे केली असेल, काही बोलल्या होत्या?"

"नाही."

"मग कोर्टहाउसात जाऊन बघा. शुक्रवारी दुपारी बारापर्यंत जमीन तुमची असल्याचा कागद मला दाखवा. नाही मिळाला तर हरीण मला न्यावं लागेल, आणि खटला भरावा लागेल. बंदूकही कदाचित न्यावी लागेल. तोवर हे कापू नका." त्यांनी खिशातून पिवळी चिठ्ठी काढून माझ्या पुठ्ठ्याच्या शेजारी बांधली.

"तुम्हाला सांगितलं कुणी?" मी विचारलं.

"मी कशावरून कुठं जाते ते कुणालाच सांगत नसते, मिस्टर हॅचर. तुमच्याबद्दल म्हणून नाही. कुणाबद्दलच नाही."

त्या गेल्यावर मी स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसलो. मी हरीण मारलं हे किती जणांना माहीत होतं? एकाला. सकाळी वॉर्डनशी कोण बोलत होतं? तोच. आदल्या दिवशी कागदांची चौकशी कुणी केली? त्यानंच.

हरणाची मला एवढी फिकीर नव्हती. फिकीर घराची होती. आम्हाला मूल झालं नाही. जमीन माझ्या नावावर नसेल तर आर्डिथचं जवळचं रक्त म्हणजे वेंडेल. त्यांच्या वडिलांनी ओढ्याकाठची सपाट काळी जमीन मुलाला दिली होती आणि वरचं रान घरासकट मुलीला. वेंडेलनं त्याची जमीन खडीवाल्यांना विकली. आता तिथं मोठा खड्डा आहे आणि खड्ड्यात हिरवं पाणी. तो रस्त्याच्या कडेला एका एकरात ट्रेलर, म्हणजे चाकांवरचं पत्र्याचं घर, टाकून राहतो. वेंडेलचा डोळा वरच्या जमिनीवर आहे, असं लोक बोलायचे. आर्डिथ होती तोवर मी ते मनावर घेतलं नव्हतं. ती असताना काहीच मनावर घ्यायची गरज नव्हती.

आता एकेक गोष्ट आठवायला लागली. अंत्यविधीनंतर तो सूप घेऊन आला होता तेव्हा आमच्या टेबलाचा खण उघडून उभा होता. चमचा शोधतोय म्हणाला. चमचे कुठल्या खणात असतात ते त्याला चाळीस वर्षं माहीत आहे. सप्टेंबरमध्ये पन्हळ दुरुस्त करायला म्हणून आला आणि नंतर एकटाच कुंपणाच्या कडेनं पूर्ण चक्कर मारून आला. पडलेले खांब बघितले म्हणाला. कुणाच्या कुंपणाचे? शोधायला बसलं की सगळं सापडत जातं. त्या दुपारी मला जे हवं ते सगळं सापडलं.

बुधवारी सकाळी तो आला. ट्रकचा आवाज ओळखून मी खुर्चीतून हललो नाही. त्यानं दार वाजवलं.

"डेल!"

मी कप हळूच टेबलावर ठेवला.

"डेल, मेलास का काय? दिवा दिसतोय मला आतला."

पुन्हा वाजवलं. मग पायऱ्यांवर बराच वेळ उभा असावा, कारण ट्रक सुरू झाल्याचा आवाज लगेच आला नाही. खिडकीच्या पडद्याच्या फटीतून मी बघितलं. तो कोठाराच्या दारात उभा राहून आत टांगलेल्या हरणाकडे बघत होता. मोजतोय, मला वाटलं. काय काय आपलं होणार ते मोजतोय.

तो गेला आणि मी फोन उचलला. हंगामाच्या पत्रकाच्या मागे एक नंबर छापलेला असतो. कुणी चोरटी शिकार करत असेल तर कळवा, नाव सांगायची गरज नाही. मी आयुष्यात कधी त्या नंबरवर फोन केला नव्हता. आमच्याकडे असा फोन करणाऱ्या माणसाच्या दारात कुणी उभं राहत नाही.

पलीकडे कुणी मुलगी होती. बहुतेक राजधानीत बसलेली. तिला आमच्या गावाचं नावही नीट म्हणता येत नव्हतं.

"जमीनमालकाच्या भावाला लायसन लागतं ना?" मी विचारलं.

"हो सर. नवरा-बायको आणि मुलं सोडून सगळ्यांना."

"मग लिहून घ्या. वेंडेल टॅकेट. जमीन त्याच्या बहिणीची. तो चाळीस वर्षं तिथं बंदूक घेऊन बसतो. परवा सोमवारी पण बसला होता."

"लायसन नाही हे तुम्हाला नक्की माहीत आहे?"

"आम्ही कुणी लायसन काढत नाही," मी म्हणालो, आणि फोन ठेवला.

हे खरं होतं. निदान मला तसं वाटत होतं. लायसन काढणाऱ्यांची मी टिंगल करायचो. वर्षभर आपला मका खाऊन माजलेलं हरीण, ते मारायला सरकारला पैसे कशाला द्यायचे, हे माझं ठरलेलं वाक्य. वेंडेल त्यावर नेहमी हसायचा.

फोन ठेवल्यावर बरं वाटेल असं वाटलं होतं. थोडा वेळ वाटलंही.

गुरुवारी कोर्टहाउसात गेलो. जमिनीच्या नोंदी तळघरात असतात. तिथल्या बाई खुर्चीवर चढून नाताळच्या झाडावर दिवे गुंडाळत होत्या. मला बघून खाली उतरल्या. मी आर्डिथचं नाव सांगितलं. त्यांनी यंत्रात बघितलं, मग पुन्हा बघितलं.

"इथं एक कागद आहे. दोन वर्षांपूर्वीचा, मार्चमधला. त्यांच्यानंतर जमीन कुणाला जावी याचा. तुम्हाला माहीत नव्हता?"

"नाही," मी म्हणालो. "नाही."

त्या कागद छापायला गेल्या. मी काउंटरला धरून उभा होतो. मार्च. मार्चमध्ये तिचं पहिलं ऑपरेशन झालं होतं. त्यानंतर एक दिवस ती वेंडेलबरोबर भाजीच्या बिया आणायला म्हणून गेली आणि चार तासांनी परत आली. हातात टोमॅटोच्या बियांचं एकच पाकीट होतं. मी विचारलंही नव्हतं की एका पाकिटाला चार तास कसे लागले. म्हणजे त्यानं तिला इथं आणलं. आजारी बाई, गोळ्यांच्या गुंगीत, तिला इथं आणून कागदावर सही घेतली. मला दुसरं काही सुचतच नव्हतं.

बाईंनी कागद माझ्यासमोर ठेवला आणि बोटानं ओळ दाखवली.

माझ्या मृत्यूनंतर सदर मिळकत माझे पती डेलमर रे हॅचर यांना मिळावी. त्यापुढे दुसरं नाव नव्हतं. खाली तिची सही होती. एचच्या मधल्या रेघेला ती शेपूट काढायची, ती शेपूट तिथंही होती.

"बसा," बाई म्हणाल्या. "पाणी देऊ?"

"म्हणजे सोमवारी जमीन माझी होती?"

"ऑगस्टपासून तुमची आहे. त्या गेल्या त्या क्षणापासून. फक्त मृत्यूचा दाखला आणि हा एक फॉर्म द्यायचा राहिलाय."

दाखला ट्रकमध्ये होता. अंत्यविधीवाल्यांनी दिलेलं पाकीट मी ट्रकच्या पुढच्या खणात टाकलं होतं आणि उघडलं नव्हतं. तिथंच गाडीत बसून उघडलं. तिचं नाव, जन्मतारीख, आणि एका चौकटीत हयात जोडीदाराचं नाव, ते माझं. मग आत जाऊन दाखला दिला. बाईंनी शिक्का मारून नक्कल दिली.

"आणि हा मूळ कागद? तो कुठं असतो?" मी विचारलं.

"नोंद झाली की आम्ही टपालानं परत पाठवतो. हा गेला..." त्यांनी वाचलं. "वेंडेल टॅकेट यांच्या पोस्टबॉक्सला. त्यांचे भाऊ ना? त्या दिवशी तेच घेऊन आले होते त्यांना. मला आठवतंय, त्यांना जिना उतरवत नव्हता, त्या दोघांनी एकमेकांना धरलं होतं."

शेवटचं वाक्य मी ऐकलं, पण माझ्या डोक्यात पोस्टबॉक्सच राहिला. माझ्या घराचा कागद दोन वर्षं त्याच्याकडे होता. मी कागद शोधत फिरतोय, वॉर्डन हरीण न्यायला निघालीय, आणि हा माणूस कागद दाबून बसलाय. मी तिथून सरळ त्याच्या ट्रेलरवर गेलो.

वेंडेल शेगडीवर घेवड्याचं भांडं ढवळत होता. मला बघून त्यानं चमचा खाली ठेवला नाही.

"आलास का? मला वाटलं वॉर्डननं तुलाच तुळईला टांगलं."

"कागद कुठाय?"

"कुठला?"

"तुला माहीत आहे कुठला. कोर्टहाउसातून आलो आत्ता."

त्यानं गॅस बारीक केला, भिंतीवर टांगलेल्या जाकिटाच्या आतल्या खिशात हात घातला आणि एक लांब पाकीट टेबलावर टाकलं.

"हा घे. काल तुझ्या दारात उभा होतो तेव्हा तिथंच होता, त्या खिशात. तू दार उघडलं नाहीस."

मी पाकिटाला हात लावला नाही.

"दोन वर्षं का दाबून ठेवलास?"

"मी दाबला? अरे, तिनं मला बजावलं होतं. डेलच्या हातात आधी पडू देऊ नकोस म्हणाली. तिनं मरणाचा विषय काढला की तू काय करायचास? उठून कोठारात जायचास. तीनदा काढला म्हणाली, तीनदा गेलास. म्हणून माझ्या टपालपेटीवर पाठवला. तो आपण होऊन विचारील तेव्हा दे म्हणाली." तो खुर्चीत बसला आणि गुडघा चोळायला लागला. "तू विचारशील म्हणून मी ऑगस्टपासून वाट बघतोय. शेवटी सोमवारी मीच काढला विषय. काय म्हणालास? तुला कसली घाई!"

कोठारात जायचो हे खरं होतं. तिथं काही काम नसायचं. मी तिथं उभा राहायचो आणि ती जेवायला हाक मारील याची वाट बघायचो.

"मग वॉर्डनला का सांगितलंस?" मी विचारलं. माझा आवाज आधीएवढा मोठा नव्हता.

"मी? तिला मी काय सांगणार? मालक म्हणून एक दाबणाऱ्यांची सगळी यादी रोज तिच्याकडे येते. ती एकेक नाव काउंटीच्या कागदाशी ताडून बघते. आधीचा वॉर्डन आळशी होता, ही नाही. तिनंच मला पंपावर गाठलं. म्हणाली, हॅचरांच्या जमिनीचं काय आहे? मी म्हटलं, कागद आहे, त्याला अजून माहीत नाही, आणि तो बायकोचं नाव ऐकलं की दार लावून घेतो. वरच्या घरी एकटा आहे, जरा सांभाळून घे, आठवडाभर वेळ दे. ती म्हणाली शुक्रवार. तेवढाच देता येतो."

मी खाली बसलो. घेवडा उकळत होता. ट्रेलरमध्ये कांद्याचा आणि डुकराच्या चरबीचा वास भरला होता.

"आता तू आलाच आहेस तर माझं एक काम कर," वेंडेल म्हणाला. त्यानं मिठाच्या बरणीखालून एक छापील फॉर्म ओढला. "काल दुपारी ती बाई इथं पण आली होती. कुणीतरी माझ्या नावानं फोन केलाय. भाऊ लायसनशिवाय बसतो म्हणून."

मी फॉर्मकडे बघत राहिलो.

"मी तिला लायसन दाखवलं," तो म्हणाला.

"तुझ्याकडे लायसन आहे?"

"बावीस वर्षं काढतोय. आर्डिथनंच सांगितलं होतं, भाऊ माफीत धरत नाहीत म्हणून. तुला सांगितलं असतं तर तू वर्षभर मक्याचं भाषण केलं असतंस." तो जरासा हसला. "पण बाई म्हणाली, लायसन ठीक आहे, मालकाची लेखी परवानगी कुठाय? ती पण लागते. आर्डिथ दर वर्षी लिहून द्यायची. या वर्षी कोण देणार? ताकीद देऊन सोडलं मला. दंड केला नाही. आता मालक तू. इथं सही कर, म्हणजे शनिवार-रविवार मला बसता येईल."

त्यानं पेन माझ्यापुढे सरकवलं. माझ्या हातानं ते उचललं, पण सही होईना.

"कुणी केला असेल रे फोन?" वेंडेल म्हणाला. "मी रात्रभर विचार केला. शेजारची गार्नेटच असणार. तिच्या कुत्र्यावरून मी तिला बोललो होतो ऑक्टोबरात. म्हातारी गोड बोलते आणि मनात ठेवते. बरंय. या हिवाळ्यात तिच्या दारातला बर्फ तिचा तिनं काढावा. मी फावडं लावणार नाही."

गार्नेट एक्याऐंशी वर्षांची आहे. तिच्या दारातला बर्फ वेंडेल वीस वर्षं काढतो. मला काही बोलायची गरज नव्हती. त्या नंबरवर नाव विचारत नाहीत आणि वॉर्डन कुणाला सांगत नसते. सही करून, पाकीट उचलून घरी जाता आलं असतं.

"गार्नेट नाही," मी म्हणालो.

"तुला काय माहीत?"

"मी केला."

त्याला कळलं नाही असं वाटलं. मग कळलं. त्याचा गुडघ्यावरचा हात थांबला.

"कधी?"

"काल."

"काल कधी? मी तुझ्या दारात येऊन गेलो त्याच्या आधी, का नंतर?"

"नंतर."

तो उठला. शेगडीकडे गेला आणि गॅस बंद केला. पाठ माझ्याकडेच ठेवून म्हणाला, "त्या रानात माझ्या बापानं मला पहिल्यांदा बंदूक धरायला शिकवली. तू तेव्हा कुठं होतास ते तुझं तुला माहीत. तिथं बसायला मी तुझ्याकडं परवानगी मागतोय, आणि तू..."

"मला वाटलं जमीन तू..."

"काय वाटलं ते सांगू नकोस. कळलं मला काय वाटलं ते."

मी सही केली. पूर्ण नाव लिहिलं, डेलमर रे हॅचर, कागदावर होतं तसं. फॉर्म टेबलावर त्याच्या बाजूला सरकवला. त्यानं वळून बघितलं नाही. मी पाकीट उचललं, टोपी घातली आणि दाराशी गेलो. मूठ फिरवली तेव्हा मागून आवाज आला.

"तारीख नाही घातलीस."

मी परत आलो. पेन घेतलं.

"कोणती घालू? सोमवारची घालू का? म्हणजे ती ताकीद..."

"आजची घाल. आता आणखी खोटं नको."

मी आजची तारीख घातली. वेंडेलनं फॉर्म उचलला, खिडकीपाशी नेला, चष्मा लावला आणि वाचायला लागला. माझं नाव, त्याचं नाव, एकर, रस्ता, सही, तारीख. एकेका ओळीखाली बोट धरून. अडतीस वर्षांत त्यानं माझं काही असं तपासून घेतलं नव्हतं. तो शेवटपर्यंत जाऊन पुन्हा वरून सुरू झाला, आणि त्याचं वाचून होईपर्यंत मी तिथं उभा राहिलो.